डबा क्रमांक ४०७

पत्र्याच्या डब्यावर कुणीतरी शिसपेन्सिलीनं लिहून ठेवलंय :
हेरिंग, धक्का, उन्हाळा. स्त्री, अनोळखी.
ह्या अनोळखीचा दर मी ठरवते,
सेकंदाला इतके क्रोनर,
जाहिरात असेल तर दुप्पट.

ती चारच सेकंद आहे.
रुमालाखालून सुटलेली बट,
कोपरापर्यंत खवले, मुठीत आखूड सुरी.
मासा उचलते, गळा चिरते, पिंपात रचते,
पुन्हा उचलते
आणि मान डावीकडे वळवून तोंड उघडते.
तिथं आम्ही कापतो.
सगळेच तिथं कापतात.

चार सेकंदांवर केवढं राबलीय बाई.
तिच्या जन्माआधीच्या मंदीत ती गरिबी होती,
महिला दिनाला स्वातंत्र्य,
समुद्रातला मासा कुणी संपवला ह्या चर्चेत
संशयित.
लोण्याच्या जाहिरातीसाठी तिला रंग चढवला,
रुमाल लाल केला.
एका परदेशी वाहिनीनं तर नॉर्वेची करून टाकली.
मी पत्र लिहिलं. उत्तर आलं :
क्षमस्व, पण फार शोभून दिसली.

ती दिसली की दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला फोन.
"स्टेनथोर बोलतोय, सिग्लुफ्योर्दुरहून.
काल आल्दीस दाखवलीत. आभारी आहे.
रुमाल निळा होता."
ठेवून द्यायचा.
मध्यरात्रीच्या पुनःप्रक्षेपणालाही जागायचा,
तेव्हाचा फोन जरा जांभया देत.
मी 'अनोळखी' खोडलं नाही.
एका म्हाताऱ्याच्या शब्दावर नोंदी बदलत नाहीत
आमच्या रेक्याविकच्या तळघरात.

ह्या फेब्रुवारीत रिळं संगणकावर चढवायला घेतली.
जुन्या फिल्मला व्हिनेगरचा वास सुटतो,
डोळे चुरचुरतात, हातमोज्यांनी चोळताही येत नाहीत.
चार सेकंद संपले
आणि रीळ संपलं नाही.

तोंड उघडतं. मिटतं. पुन्हा उघडतं.
सगळं मुकं.
ती चिडलीय,
इतक्या वर्षांत एकदाही न चिडलेली बाई.
सुरी उगारते, हसू दाबते, दबत नाही,
आणि डाव्या कडेनं हातगाडीचं चाक आत येतं,
चाकामागे एक बूट,
मग काळोख.

पहिल्यांदाच मी फोन लावला.
जे दिसलं ते सांगितलं. तो मध्ये एकदा खोकला.
"मीठ," म्हणाला.
"मीठ मागतेय. मीठ आण रे, मेल्या, मीठ!
चौदा वर्षांचा होतो. कॅमेऱ्याकडे बघत राहिलो,
उशीर झाला."

तुमची कोण ती, मी विचारलं.
"कुणी नाही. दोन उन्हाळे मीठ पुरवलं तिला.
मग हेरिंग गेलं, तीही गेली.
कुठं, ते हेरिंगचंही कुणाला ठाऊक नाही."

खाल्ल्या मिठाला जागणारी माणसं ऐकून होते.
वाढलेल्या मिठाला जागणारा
हा पहिलाच.

ठेवता ठेवता त्यानं विचारलं,
"बूट डावा, की उजवा?"
डावा.
बराच वेळ तारेत नुसतं वारं.
"डावा फाटका होता," तो म्हणाला,
"उजवा धड होता."

आता नोंदीला साक्षीदार मिळाला, तळवा उसवलेला का असेना.
'अनोळखी'वर रबर फिरवलं.
पन्नास-साठ वर्षांची पेन्सिल, पुरती जात नाही,
तिच्याच सावलीवर लिहिलं : आल्दीस.
खाली, जागा कमी होती म्हणून बारीक अक्षरात :
कडेला, स्टेनथोर. मीठ घेऊन.

परवा कुणी सुपाच्या डब्यांसाठी तिला मागितलं.
चार सेकंद पुरतील, म्हणाले.
मी अकरा पाठवले.
रुमाल निळा, असं वर लिहून.
पैसे चारचेच लावले.
बूट हिशेबात धरला नाही.